कापूस निघाल्यावर भरतो, साहेब

पुकारा होतो. धुळ्याच्या जिल्हा न्यायालयात मागच्या बाकावरचा शेतकरी उठून पुढे येतो. ट्रॅक्टरचं कर्ज थकलं, बँकेने दावा लावला. थकबाकी 20 लाखांच्या आत, म्हणून कर्जवसुली न्यायाधिकरणाऐवजी दिवाणी कोर्टात. हुकूमनामा झाला : सगळी रक्कम एकदम भरा, फिटेपर्यंत 14 टक्के व्याज. आज त्यावरच्या अपिलाची सुनावणी आहे.

"कर्ज नाकारत नाही, साहेब," त्याचे वकील सुरुवातीलाच सांगतात. "पुढचं व्याज किती आणि हप्ते मिळणार का, एवढंच." ते दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 34 वाचतात. हुकूमनाम्यानंतर मुद्दलावर व्याज 6 टक्क्यांपर्यंतच. त्याहून चढा दर फक्त व्यापारी व्यवहाराला.

बँकेच्या वकील उठतात. "ट्रॅक्टर भाड्यानेही चालत होता. आणि हा पैसा ठेवीदारांचा आहे."

"भाड्याचा पुरावा?" न्यायाधीश विचारतात. कागद चाळले जातात. उलटतपासणीत एवढंच सापडतं, की कधीमधी भावकीत नांगरटीला दिला होता. साहेब ते टिपून घेतात.

ज्याला विवेकाधिकार म्हणतात, तो माझ्यासमोर असा पुराव्याच्या ओळींवरून पुढे सरकतो आहे. 1879च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायाधीशाला सावकाराचा हिशेब मुळापासून तपासायची मुभा दिली होती. बँकेच्या बाबतीत तसं नाही. दर जास्त आहे एवढ्यावरून व्यवहार उकरायला 1984पासून बँकिंग कायद्याचं कलम 21क आडवं येतं. मोकळीक उरते ती दाव्याच्या तारखेनंतरच्या व्याजात आणि हप्त्यांत. हप्ते हुकूमनाम्यातच बांधून द्यावे लागतात. नंतर बँकेची संमती लागते. खालच्या कोर्टात ती वेळ हुकली. आता नवा हुकूमनामा अपिलातच होऊ शकतो.

न्यायाधीश थेट शेतकऱ्यालाच विचारतात, "एकदम का नाही भरत?"

"पैसा देनाज शेतस, साहेब. कापूस निंघना का भरसू. पन एकदम कथाईन लयू?"

शेजारच्या जळगावात महापालिकेने हुडको या सरकारी वित्तसंस्थेकडून घेतलेलं कर्ज थकलं, खाती गोठवली गेली, तेव्हा तिलाही हप्त्यांनीच पैसे भरावे लागले. एवढ्या मोठ्या संस्थेला एकरकमी जमलं नाही, ते कोरडवाहू शेतकऱ्याला कसं जमावं? ठेवीदाराचा हक्क मी मानतो. पण ट्रॅक्टर लिलावात काढून तो हक्क राखला जाईलच असं नाही. पिकाच्या हंगामाला जोडलेला हप्ता बँकेलाही पैसे मिळवून देतो.

साहेब सातबारा आणि ताजा खातेउतारा दाखल करायला सांगतात, पुढची तारीख देतात. निकाल कोणत्याही बाजूने लागो, व्याजाचा दर तोच का, हप्ते किती, एखादा चुकला तर काय, हे कारणांसह लिहिलेलं हवं. प्रकरण दुसऱ्या अपिलात औरंगाबाद खंडपीठापुढे गेलं, तर तिथे ही कारणंच टिकावी लागतील.