'जातो' आणि 'जाते'

मराठी क्रियापद मोठे चुगलखोर आहे. बंगाली माणसाला बोलताना आपले लिंग सांगावे लागत नाही. आपल्याकडे मात्र 'जातो' की 'जाते' याची कबुली तोंड उघडताच द्यावी लागते. १९०५ साली किर्लोस्कर नाटक मंडळीत दाखल झालेले नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजेच बालगंधर्व, रंगभूमीवर स्त्रीभूमिकेत 'जाते' म्हणत आणि रंगपटात परतताच 'जातो' म्हणत. आणि 'मानापमान' नाटकातली त्यांची नायिका पाहताना 'भामिनी कशी रुसली!' व 'नारायणराव काय गायले!' हे दोन्ही उद्गार एकाच प्रेक्षकाच्या मुखातून एका दमात बाहेर पडत, त्यात त्याला यत्किंचितही विसंगती जाणवत नसे.

याचे मर्म त्यांच्या गळ्यात होते. स्त्रीचा भास व्हावा म्हणून त्यांनी आवाज चोरला नाही. भास्करबुवा बखल्यांच्या तालमीत घोटलेला आपला मूळचा मधुर पुरुषकंठच त्यांनी रुक्मिणीच्या भूमिकेला जसाच्या तसा बहाल केला. शालू, अंबाडा, चालण्यातली अदब हे सारे बेमालूम. स्वर मात्र स्वतःचा. 'एकच प्याला'तील सिंधू दारिद्र्याने पिचलेली असतानाही वन्समोरची फर्माईश झाली की ते तेच पद नव्या जागा घेत पुन्हा गात, यावर औचित्यभंगाचा ठपका ठेवला गेला. तो सर्वस्वी गैरवाजवी नव्हे. परंतु थिएटरात बसलेला रसिक सिंधूसाठी डोळे पुसत असतानाच नारायणरावांच्या तानेला दाद देत होता, हे टीकाकारांनी हिशेबात धरले नाही.

मार्च १९११ मध्ये 'मानापमाना'चा पहिला प्रयोग होता, त्याच दिवशी त्यांची तान्ही मुलगी गेली. प्रयोग रद्द झाला नाही. धनवंताची तोरेबाज लेक भामिनी ठरल्या वेळी रंगमंचावर आली. ही हकिकत कर्तव्यनिष्ठेचा दाखला म्हणून सांगण्याची वहिवाट आहे. मला ती ऐकवत नाही.

पुढे १९३५ साली प्रभातच्या 'धर्मात्मा' या बोलपटात सत्तेचाळीस वर्षांचे बालगंधर्व संत एकनाथ झाले. जन्माने मिळालेला पुरुषवेष, तोच गळा, आणि तरीही लोकांना चुकल्यासारखे वाटले. पडद्यावरचा माणूस 'जातो' म्हणत होता, आणि प्रेक्षकांचे कान मात्र 'जाते'ची वाट पाहत बसले होते.