एक दफ्तर, दोन खिडक्या

2 जानेवारी 2021 च्या शनिवारी डोनाल्ड ट्रम्प यांनी जॉर्जिया राज्यातल्या एका पदाधिकाऱ्याशी तासभर फोनवर हुज्जत घातली. जो बायडन यांनी ते राज्य 11,779 मतांनी जिंकलं होतं आणि राष्ट्राध्यक्षांना त्याहून बरोबर एक जास्त, म्हणजे 11,780 मतं कुठूनतरी शोधून हवी होती. पलीकडचे ब्रॅड रॅफेन्सपर्गर बधले नाहीत. संभाषणाची ध्वनिफीत दुसऱ्याच दिवशी जगभर वाजली. त्या गदारोळात एक साधी गोष्ट कुणी बोलून दाखवायचं कारण नव्हतं. ज्या दफ्तरात जॉर्जियाच्या मतांची बेरीज होते, त्याच दफ्तरात अटलांटातल्या किराणा दुकानापासून सॉफ्टवेअर कंपनीपर्यंत सगळ्यांना दरवर्षी 1 एप्रिलच्या आत आपली नोंदणी ताजी करावी लागते.

रॅफेन्सपर्गर यांचं पद ‘सेक्रेटरी ऑफ स्टेट’. हे नाव ऐकलं की मराठी वाचकाच्या डोळ्यांसमोर अमेरिकेचा परराष्ट्रमंत्री येतो, आणि तिथेच घोटाळा होतो. वॉशिंग्टनमधला सेक्रेटरी ऑफ स्टेट वेगळा, राज्यांमधला वेगळा. अष्टप्रधानांच्या भाषेत सांगायचं तर वॉशिंग्टनचा तो डबीर, म्हणजे सुमंत. राज्याचा तो सुरनीस, म्हणजे सचिव. राज्याची मोहोर सांभाळायची, कागद तपासायचे, नोंद करायची आणि कुणी मागितली तर शिक्का मारून नक्कल द्यायची. काम कारकुनी दिसतं. पण कंपनी जन्माला आली की नाही आणि निवडणूक कोण जिंकलं, हे ज्याच्या वहीवरून ठरतं त्याला नुसता कारकून कसं म्हणायचं?

आपल्याकडे या दोन गोष्टींची दारंच निराळी. कंपनी काढायची तर केंद्राच्या कंपनी निबंधकाकडे जायचं; मतदार यादीत नाव घालायचं तर निवडणूक आयोगाचा फॉर्म 6 भरायचा. अमेरिकेत कंपन्यांची देशभराची एक वही नाही, मतदारांचीही नाही. दोन्ही कामं राज्यांची. नॉर्थ डकोटात तर मतदार नोंदणी हा प्रकारच नाही.

राज्यांची म्हटल्यावर पन्नास तऱ्हा आल्याच. 47 राज्यांत हे पद आहे. अलास्का, हवाई आणि युटात ते नाही; अलास्का आणि युटात निवडणुका लेफ्टनंट गव्हर्नरच्या अखत्यारीत येतात, हवाईत स्वतंत्र निवडणूक कार्यालयाच्या. कॅलिफोर्नियात कंपन्या आणि निवडणुका दोन्ही या एका कार्यालयाकडे. इलिनॉयमध्ये कंपन्या आहेत, शिवाय वाहन परवानेही आहेत, पण निवडणुकांसाठी स्वतंत्र मंडळ. मिशिगनमध्ये नेमकं उलट: निवडणुका आणि वाहन परवाने इथे, कंपन्या दुसऱ्या खात्यात. न्यू जर्सीत एडिसनच्या एखाद्या मराठी माणसाने कंपनीच्या कामासाठी या कार्यालयाला फोन लावला, तर त्याला राज्याच्या वित्त खात्याकडे पाठवलं जाईल, कारण तिथे कंपन्यांची वही खजिन्याशेजारी ठेवलेली आहे. त्यामुळे पहिला प्रश्न कागद कुठला हा नसतोच. माझ्या राज्यात हे काम कोण बघतं, हे आधी विचारायचं.

कॅलिफोर्नियाचं उदाहरण घेऊ, कारण बे एरियात मराठी वस्ती दाट आहे आणि दोन्ही खिडक्या सॅक्रामेंटोच्या एकाच कार्यालयाच्या आहेत. समजा, सनीव्हेलमधल्या कुणी घरगुती शिकवणीचा व्यवसाय एलएलसी, म्हणजे मर्यादित दायित्वाची कंपनी, म्हणून नोंदवायचं ठरवलं. ऑनलाइन अर्ज भरायचा, 70 डॉलर द्यायचे. त्यानंतर 90 दिवसांत 20 डॉलर भरून एक माहितीपत्रक द्यायचं असतं आणि मग दर दोन वर्षांनी तेच. ही दुसरी पायरीच लोक विसरतात. दंड 250 डॉलर. शिवाय राज्याचा वर्षाला किमान 800 डॉलरचा कर असतो. तो मात्र कर खात्याकडे भरायचा, इथे नाही. ‘आम्ही तर सगळे पैसे भरले,’ असं म्हणणाऱ्या अनेकांनी दोनपैकी एकाच ठिकाणी भरलेले असतात.

आणि एक चकवा. नोंदणी सार्वजनिक असते. घरचा पत्ता दिला असेल तर तोही. थोड्याच दिवसांत सरकारी वाटावं असं पत्र टपालाने येतं: वरच्या कोपऱ्यात मोहोरेसारखं चित्र, खाली मुदत आणि भरायची रक्कम. ते असतं खासगी कंपनीचं. जी नक्कल कार्यालयातून थोडक्यात मिळते किंवा जिची गरजच नसते, तिचे ते भरमसाट पैसे मागतात. अनेक राज्यांची कार्यालयं या पत्रांबद्दल सतत इशारे देतात. पत्र आलं की पैसे पाठवण्याआधी कार्यालयाच्या स्वतःच्या संकेतस्थळावर आपल्या कंपनीचं नाव शोधून काही थकबाकी दिसते का, हे पाहण्यात पाच मिनिटं जातात.

या खिडकीवर एक गोष्ट मात्र कुणी विचारत नाही: तुम्ही कुठले? डेलावेअर हे त्याचं टोकाचं उदाहरण. जेमतेम दहा लाख वस्तीचं राज्य, नोंदलेल्या कंपन्या वीस लाखांहून जास्त. 1899 च्या कायद्यापासून त्यांनी हा जणू राज्याचा गृहोद्योगच करून टाकला. फॉर्च्यून 500 मधल्या निम्म्याहून कितीतरी जास्त कंपन्या तिथल्या, आणि विल्मिंग्टनमधल्या एका साध्याशा इमारतीच्या पत्त्यावर दोन लाखांहून अधिक कंपन्या ‘राहतात’. साताऱ्यात बसलेला, अमेरिकेचा व्हिसाही न पाहिलेला माणूस तिथे एलएलसी काढू शकतो. (रिझर्व्ह बँकेचे नियम इकडे पाळावे लागतील, तो भाग निराळा.) राज्यात एक नोंदणीकृत एजंट नेमायचा आणि दरवर्षी 1 जूनपर्यंत 300 डॉलर भरायचे. गंमत अशी की हीच डेलावेअरची कंपनी कॅलिफोर्नियात धंदा करू लागली की तिथे ‘परदेशी’ म्हणून नोंदवावी लागते. शेजारच्या राज्यातून आलेली असली, तरी परदेशीच.

न्यूयॉर्कची तऱ्हा तर पेशवाईतली वाटावी: नवी एलएलसी निघाल्यावर 120 दिवसांच्या आत दोन वर्तमानपत्रांत सलग सहा आठवडे जाहिरात द्यावी लागते.

आता दुसरी खिडकी. इथे पहिलाच प्रश्न नागरिकत्वाचा. लाखो डॉलरची कंपनी चालवणारा, वीस वर्षं कर भरणारा ग्रीन कार्डधारक इथून परत फिरतो. नियम म्हणून यात आश्चर्य काही नाही; धोका वेगळ्याच जागी आहे. 1993 च्या कायद्याने वाहन परवान्याच्या अर्जालाच मतदार नोंदणी जोडली गेली. डीएमव्हीमध्ये, म्हणजे तिथल्या आरटीओत, परवाना काढताना रांगेत घाईघाईने पडद्यावर बोट टेकवलं आणि नाव यादीत गेलं, असं होऊ शकतं. कॅलिफोर्नियात 2018 मध्ये स्वयंचलित नोंदणी सुरू झाल्यावर सुमारे दीड हजार जणांची नोंदणी चुकून झाल्याचं खुद्द डीएमव्हीला कबूल करावं लागलं, आणि त्यांत नागरिक नसलेलेही होते. चूक यंत्रणेची असली तरी उत्तर माणसाला द्यावं लागतं: पुढे नागरिकत्वाचा अर्ज करताना, तुम्ही कधी मतदार म्हणून नाव नोंदवलं होतं का, हे त्यात स्पष्ट विचारलेलं असतं. असं लक्षात आल्यास काउंटीच्या, म्हणजे तिथल्या जिल्ह्याच्या, निवडणूक कार्यालयाला लेखी कळवून नाव काढून घ्यावं, काढल्याचा लेखी पुरावा जपून ठेवावा आणि स्थलांतर कायद्याचा वकील गाठावा. मत तर अजिबात देऊ नये.

जे नागरिक झाले आहेत, त्यांच्यासाठी ही खिडकी बरीच मोकळी आहे. कॅलिफोर्नियात मतदानाच्या 15 दिवस आधीपर्यंत नोंदणी होते, त्यानंतरही मतदान केंद्रावर सशर्त नोंदणी मिळते. टेक्सासमध्ये 30 दिवस आधी दार बंद. कॅलिफोर्नियाची मतदार पुस्तिका हिंदीतही मिळते, मराठीत नाही. या राज्यातल्या सेक्रेटरींपैकी एक नाव मुद्दाम सांगण्यासारखं आहे: मार्च फाँग यू. कपडे धुण्याच्या दुकानदाराची ही मुलगी 1974 मध्ये निवडून आली आणि जवळजवळ वीस वर्षं त्या खुर्चीवर होती. त्याआधी आमदार असताना, सार्वजनिक शौचालयांत पैसे घेण्याच्या निषेधार्थ, तिने 1969 मध्ये विधिमंडळाच्या पायऱ्यांवर घणाने शौचालयाचं भांडं फोडलं होतं. दफ्तरदारीला असा माणूस बसला, की दफ्तराची धूळ आपोआप झटकली जाते.

प्रत्यक्ष संपर्क साधताना दोन-तीन गोष्टी उपयोगी पडतात. कंपनीचं काम असेल तर तिचा नोंदणी क्रमांक हातात ठेवून मगच फोन करावा. नावावरून शोधायला लावलं तर पाटील नावाच्या किती कंपन्या निघतील, याचा नेम नाही. मतदार यादीचं रोजचं काम काउंटी बघते. पत्ता बदलणं, टपाली मतपत्रिका न येणं अशा तक्रारी आधी तिथेच करायच्या. राज्य कार्यालय त्याच्या वरचं. आणि ‘माझ्यासाठी एलएलसी बरी की कॉर्पोरेशन?’ असं विचारू नये. कायदेशीर सल्ला देण्याची त्या कर्मचाऱ्यांना मुभा नसते.

मराठी माणसाचा या दफ्तराशी आणखी एक संबंध येतो, तोही कंपनी किंवा मत दोन्ही नसताना. कोथरूडचा फ्लॅट विकायचा आहे, भाऊ पुण्यात सगळं बघायला तयार आहे, फक्त मुखत्यारपत्र हवं. ते अमेरिकेत नोटरीपुढे सही करून केलं, की ती सही खऱ्या नोटरीची आहे हे कुणीतरी सांगावं लागतं. नोटरींची वही याच कार्यालयात. तिथून ‘अपोस्टिल’ नावाचं एक पान जोडून, शिक्का मारून मिळतं. कॅलिफोर्नियात त्याचे 20 डॉलर. अपोस्टिलचा आंतरराष्ट्रीय करार भारतात 2005 पासून लागू असल्यामुळे हे पान इथे मान्य आहे. मग तो कागद पुण्यात भावाच्या हाती पडतो. महाराष्ट्राच्या मुद्रांक कायद्याप्रमाणे परदेशात केलेल्या दस्तावर तो राज्यात पोचल्यापासून तीन महिन्यांच्या आत मुद्रांक शुल्क भरायचं असतं. म्हणून कुरिअरच्या पाकिटावरची तारीख दिसते तोवर ते पाकीट रद्दीत टाकायचं नसतं.