विहिरीतला स्फटिक आणि त्यातली ‘शक्ती’

आपल्या वडवणी तालुक्यातल्या शिवारात विहीर खोदायला घेतली की आधी काळी माती, मग मुरूम आणि त्याखाली काळा पाषाण लागतो. सुरुंग उडतात, यारीनं डबर वर येतो आणि एखाद्या फुटलेल्या दगडाच्या पोकळीत पांढरे, टोकदार खडे चमकतात. पोरं ते घरी नेतात. त्यांच्या मोबाइलमधल्या खेळांत अशाच खड्यांवर नगरं चालतात, तलवारी पेटतात, जखमा भरतात. म्हणून ‘यातही शक्ती असेल का?’ हे ती विचारतातच. प्रश्न रास्त आहे, पण मोठ्यांकडून बहुधा दोनच उत्तरं मिळतात: हिरा असेल, जपून ठेव, नाहीतर गारगोटी आहे, फेकून दे. दोन्ही उत्तरांनी पोराचं नुकसान होतं.

हिऱ्याचं लवकर उरकू. आपला पाषाण म्हणजे सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी दख्खनभर पसरलेल्या लाव्ह्याचा बेसाल्ट. हिरे जमिनीत फार खोल तयार होतात आणि किंबर्लाइटसारख्या वेगळ्या खडकांतून वर येतात. आपल्या बेसाल्टमध्ये ते सापडत नाहीत. ‘काचेवर ओरखडा उठला, म्हणजे हिराच’ ही परीक्षाही फसवी आहे, कारण साधी गारगोटीसुद्धा काच ओरखडते.

मग हे खडे आले कुठून? लाव्हा थंड होताना त्यातल्या वायूचे बुडबुडे अडकून पोकळ्या राहिल्या. पुढे खनिजं विरघळलेलं गरम पाणी त्यांत झिरपलं आणि थरावर थर बसत स्फटिक वाढले. गारगोटी, कॅल्साइट, अपोफिलाइट आणि झिओलाइट गटातली स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, स्कोलेसाइट ही सगळी त्या पोकळ्यांतली मंडळी. राहुरीजवळचा मोमीन आखाडा, जळगाव, नाशिक, पुण्याजवळचं वाघोली ही नावं जगभरच्या खनिजसंग्राहकांना पाठ आहेत. वाघोलीच्या खाणीतला निळा कॅव्हनसाइट तर जगात सर्वोत्तम मानला जातो. सिन्नरला ‘गारगोटी’ नावाचं खास संग्रहालय आहे. मराठवाड्यातल्या शाळांनी सहल काढावी असं ते ठिकाण आहे.

सगळ्यात घट्ट बसलेला गैरसमज असा की स्फटिकात लाखो वर्षांची ऊर्जा साठलेली असते आणि तो गळ्यात घातला की ती अंगात उतरते. या समजुतीवर माळा आणि कडी विकली जातात. प्रत्यक्षात अणू एकेका जागी नीट बसून स्फटिक तयार होतो, तेव्हा ऊर्जा बाहेर पडते. शांत पडलेल्या गारगोटीकडे कुणाला देण्यासारखं काही उरलेलं नसतं. आजारी माणसाला तिच्या भरवशावर घरी ठेवणं धोक्याचं आहे, हे इथं स्पष्ट सांगायलाच हवं.

स्फटिकाचा खरा गुण त्याच्या शिस्तीत आहे. 1880 मध्ये पियरे आणि जाक क्युरी या भावांनी दाखवलं की गारगोटीसारखे काही स्फटिक दाबले की त्यांच्या पृष्ठांवर विद्युतभार येतो. उलट वीज दिली की तेच स्फटिक किंचित आकार बदलतात. भिंतीवरच्या घड्याळात क्वार्ट्झचा, म्हणजे गारगोटीचाच, चिमुकला तुकडा सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. तो आकडा पंधरा वेळा निम्मा केला की बरोबर एक सेकंद मिळतो. शक्ती सेलची, मोजमाप स्फटिकाचं. स्वयंपाकघरातल्या गॅस लायटरमध्ये याच गुणाचं सिरॅमिक असतं आणि ठिणगीची ऊर्जा आपल्या अंगठ्यातून येते.

आपला तालुका ऊसतोड कामगारांचा, म्हणून एक प्रयोग सुचवतो. साखरसुद्धा स्फटिकच. मिट्ट अंधारात दहा मिनिटं डोळे सरावू द्या आणि खडीसाखरेचा मोठा खडा पकडीनं फोडा. तुटताना निळसर चमक दिसू शकते. मंत्रानं पेटणाऱ्या खड्याच्या सगळ्यात जवळ जाणारी ही गोष्ट, पण इथंही जोर हाताचाच.

सौर पंपाच्या पॅनलबद्दलही असंच बोललं जातं, की त्यातले स्फटिक दिवसभर ऊन भरून घेतात. पॅनल काहीही साठवत नाही. साठवते ती बॅटरी. त्यातलं सिलिकॉन मुळात गारगोटीतूनच मिळतं, पण त्यासाठी ती कार्बनसोबत भट्टीत तापवून ऑक्सिजन काढून टाकावा लागतो आणि मग अनेकदा शुद्ध करावं लागतं. विहिरीतला खडा उन्हात ठेवून वीज येणार नाही.

आता झिओलाइट, माझ्या मते या सगळ्यांतला सर्वांत अद्भुत. त्याच्या रचनेत अणूंच्या मापाची दालनं आणि बोळ असतात. 2021 मध्ये कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत रुग्णालयांत ऑक्सिजनचे पीएसए प्रकल्प उभे राहिले. त्यांच्या टाक्यांत झिओलाइटचेच दाणे भरलेले असतात. हवेत सुमारे 78 टक्के नायट्रोजन आणि 21 टक्के ऑक्सिजन. दाबाखाली हवा सोडली की झिओलाइट नायट्रोजन धरून ठेवतो आणि पुढे जाणाऱ्या वायूत ऑक्सिजन साधारण 93 टक्क्यांवर जातो. मग दाब कमी केला की नायट्रोजन सुटतो आणि टाकी पुन्हा तयार होते. एक टाकी काम करत असताना दुसरी मोकळी होते. घरगुती ऑक्सिजन कॉन्सन्ट्रेटरही असाच चालतो.

इथं दोन घोटाळे होतात. हे यंत्र ऑक्सिजन ‘तयार’ करत नाही, हवेतला वेगळा करतं; कॉम्प्रेसरला वीज नसेल तर ते बंद. आणि त्यातला झिओलाइट विहिरीतून काढलेला नसतो. तो कारखान्यात ठरावीक मापाच्या बोळांचा बनवतात, कारण निसर्गातल्या दगडात एवढा सारखेपणा मिळत नाही. खडा आणि यंत्र एका घराण्याचे, एवढं मात्र पोराला अभिमानानं सांगता येईल.

गावात, घरात कोरोनाकाळातला कॉन्सन्ट्रेटर पडून असेल तर एक गोष्ट ध्यानात ठेवा. झिओलाइट नायट्रोजनपेक्षाही पाण्याची वाफ घट्ट धरतो. बराच काळ बंद राहिलेल्या यंत्रातले दाणे ओलावा शोषून निकामी होऊ शकतात. तेव्हा मोटार घुमते, नळीतून वाराही येतो, पण त्यात ऑक्सिजन कमी असतो. म्हणून रुग्णाला लावण्याआधी जाणकार तंत्रज्ञाकडून ऑक्सिजनची टक्केवारी मोजून घ्या.