सत्याचा दावा करावा, पण कसा?

सत्य सर्वांसाठी एकच, की ज्याचे त्याचे वेगळे? १९७९ मध्ये फ्रेंच उत्तर-आधुनिक विचारवंत जाँ-फ्रान्स्वा ल्योतार यांनी लिहिले, की साऱ्या जगाचा अर्थ लावू पाहणाऱ्या महाकथनांवरून आता विश्वास उडाला आहे. त्यांचा मुख्य रोख विज्ञान, प्रगती आणि क्रांतीच्या कथनांवर होता. पण सृष्टीच्या आरंभापासून अंतापर्यंतची कथा सांगणाऱ्या ख्रिस्ती धर्मालाही त्याची झळ लागणारच होती.

पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९९८ च्या ‘फिदेस एत रात्सिओ’ या परिपत्रकात माणसाची बुद्धी सत्यापर्यंत पोहोचू शकते, असे ठामपणे मांडले. उलट, जेम्स के. ए. स्मिथ यांच्यासारख्या प्रोटेस्टंट तत्त्वज्ञांना ल्योतार यांच्यात मित्र दिसला. कारण बुद्धीची वाटचालही कशावर तरी विश्वास ठेवूनच सुरू होते, हे ख्रिस्ती धर्मचिंतक ऑगस्टीनने फार पूर्वी ओळखले होते.

मला सर्वांत मोलाचे वाटते ते लेस्ली न्यूबिगिन यांचे उत्तर. हे ब्रिटिश मिशनरी १९३६ मध्ये मद्रासला आले, तमिळ शिकले. कांचीपुरमला रामकृष्ण मिशनमधल्या मंडळींबरोबर ते उपनिषद आणि योहानाचे शुभवर्तमान वाचायला बसत. १९७४ मध्ये ते इंग्लंडला परतले. आपल्या श्रद्धेला सत्य म्हणणे हा तिथे उद्धटपणा ठरू लागला होता. १९८९ च्या ‘द गॉस्पेल इन अ प्लुरलिस्ट सोसायटी’ या पुस्तकात त्यांनी हत्ती आणि आंधळ्यांच्या गोष्टीवरच बोट ठेवले. सोंड चाचपणाऱ्याला सोंड कळते, पाय धरणाऱ्याला पाय. पण गोष्ट सांगणाऱ्याला अख्खा हत्ती दिसतो, तो कसा? ‘पूर्ण सत्य कुणालाच कळत नाही’ असे म्हणणाराही स्वतःला सर्वांच्या वर बसवतो.

मग मार्ग कोणता? न्यूबिगिन यांनी रसायनशास्त्रज्ञ मायकेल पोलान्यी यांचा आधार घेतला. शास्त्रज्ञही परंपरेवर भरवसा ठेवून, चुकण्याची जोखीम पत्करून पुढे जातो. तरीही आपला निष्कर्ष तो सर्वांसाठी खरा मानतो आणि सर्वांपुढे तपासायला ठेवतो. श्रद्धावंतानेही असेच बोलावे, साक्षीदार म्हणून.

सत्याच्या नावाखाली सत्ता गाजवली जाते, हा उत्तर-आधुनिकांचा संशय मात्र चर्चने मनापासून मान्य करायला हवा. १५६० मध्ये गोव्यात सुरू झालेले इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचे धर्मन्यायालय, त्याचा ढळढळीत पुरावा आहे. ज्या धर्माच्या केंद्रस्थानी सत्तेने क्रुसावर चढवलेला माणूस आहे, त्याने सत्यासाठी सक्तीचा आधार घेणे हा त्या सत्याचाच द्रोह होय. सत्यावर ठाम राहावे, आणि समोरच्याला ‘नाही’ म्हणण्याची मोकळीकही द्यावी. दोन्ही एकत्र जमले, तरच ती साक्ष ऐकण्याजोगी ठरेल.