नदीत सोडलेला रंग

दर वर्षी मार्चमध्ये, सेंट पॅट्रिकच्या सणाला, शिकागो नदी हिरवीगार केली जाते. पुलांवर आणि दोन्ही काठांवर माणसांची झुंबड उडते. ही प्रथा १९६२ सालची. ती सुरू केली तिथल्या प्लंबरांच्या संघटनेने, आणि त्यांच्याकडे हा रंग आला होता वेगळ्याच कामासाठी. कोणत्या इमारतीचं सांडपाणी चोरून नदीत सोडलं जातंय, हे शोधायला ते नळांत रंग ओतत आणि तो नदीत कुठे उमटतो यावर नजर ठेवत.

शिकागोवरची पुस्तकं वाचताना मला हा रंग सारखा आठवत राहिला. या शहराच्या इतिहासात रंगांची कमतरता नाही. आग आहे, गुंड आहेत, आभाळाला भिडलेल्या इमारती आहेत. पण जी पुस्तकं टिकली, त्यांनी शहराच्या प्रवाहात रंग सोडून पाहिला. हे आलं कुठून आणि जातं कुठे, एवढं एकच त्यांनी विचारलं.

हा प्रश्न शिकागोला खास लागू पडतो, कारण या शहराने आपली नदीच उलटी फिरवली. नदी शहराची घाण मिशिगन सरोवरात नेत असे आणि पिण्याचं पाणीही त्याच सरोवरातून येई. म्हणून २८ मैलांचा कालवा खणून जानेवारी १९००मध्ये प्रवाह मिसिसिपीच्या खोऱ्याकडे वळवला गेला. शिकागोची चिंता मिटली, खालच्या गावांची सुरू झाली. मिसुरी राज्याने सर्वोच्च न्यायालयात दावा लावला. १९०६ साली पुराव्याअभावी तो फेटाळला गेला.

गोणीतून सुटलेला गहू

१८४० साली शिकागोची वस्ती होती ४,४७०. पन्नास वर्षांनी ती अकरा लाखांच्या घरात गेली. एवढं शहर पोसलं कुणी? विल्यम क्रोनन यांचं ‘नेचर्स मेट्रोपोलिस’ (१९९१) याचं उत्तर शहरात शोधत नाही. ते शेतात, रानात आणि कुरणात जातं.

त्यातलं गव्हाचं प्रकरण मी दोनदा वाचलं. आधी शेतकऱ्याचा गहू गोणीतून जाई आणि विकला जाईपर्यंत त्या गोणीतला दाणा न् दाणा त्याचाच असे. मग रेल्वे आली, वाफेच्या यंत्रावर चालणारी उंच कोठारं आली. तिथे धान्य पाण्यासारखं ओतायचं होतं, त्यामुळे गोणी अडचणीची झाली. पण गोणी काढली की एकाचा गहू दुसऱ्याच्या गव्हात मिसळणार. यावर तोड काढली १८४८ साली स्थापन झालेल्या शिकागो बोर्ड ऑफ ट्रेडने. धान्याच्या प्रती ठरल्या आणि कोठारवाला पावती देऊ लागला: अमुक प्रत, इतके बुशेल. लवकरच गव्हाऐवजी पावतीच हातोहात विकली जाऊ लागली आणि त्यातून वायदेबाजार उभा राहिला. दाणा न पाहता दाण्याचा भाव ठरू लागला, आणि कोणत्या शेतातला कोणता गहू ही ओळख कोठाराच्या पोटात हरवली. क्रोनन ती पुन्हा शोधून देतात.

लाकडाचंही तसंच. ८ ऑक्टोबर १८७१च्या रात्री लागलेली शिकागोची आग सर्वांना ठाऊक आहे. सुमारे ३०० माणसं गेली, एक लाख बेघर झाली. ओलिअरीबाईंच्या गाईने कंदील लाथाडला, ही कथा इतकी पसरली की शहराच्या नगरपरिषदेने त्यांना निर्दोष ठरवलं ते १९९७ साली. त्याच रात्री विस्कॉन्सिनच्या जंगलातलं पेश्टिगो गाव जळालं आणि त्या वणव्यात हजाराहून अधिक माणसं मेली. शिकागोची घरं बांधली जात ती याच उत्तरेकडच्या रानांतल्या लाकडाने. पेश्टिगोतल्या कारखान्याचे मालक होते विल्यम ऑग्डेन, शिकागोचे पहिले महापौर. एकाच रात्री दोन्हीकडे त्यांची मालमत्ता खाक झाली. तरी आठवणीत उरली ती गाय.

रंगवलेली घरं

१८८९ साली जेन अ‍ॅडम्स आणि एलेन गेट्स स्टार यांनी हॉल्स्टेड रस्त्यावर स्थलांतरितांच्या वस्तीत ‘हल हाउस’ हे समाजसेवा केंद्र सुरू केलं. तिथल्या रहिवाशांनी १८९५ साली ‘हल हाउस मॅप्स अँड पेपर्स’ प्रसिद्ध केलं. त्यात एकाच वस्तीचे दोन रंगीत नकाशे आहेत. एकात कोणत्या घरात कोणत्या देशाचे लोक राहतात ते रंगवलंय, दुसऱ्यात त्या घराची आठवड्याची कमाई. दोन्ही शेजारी ठेवले की गरिबी कुठे दाटली आहे ते डोळ्यांना दिसतं. त्याच वर्षी अ‍ॅडम्स यांनी वॉर्डाच्या कचरा-निरीक्षकाचं काम पत्करलं. पहाटे उठून त्या कचऱ्याच्या गाड्यांमागे जात. ‘ट्वेन्टी इयर्स अ‍ॅट हल हाउस’ (१९१०) या त्यांच्या आत्मकथनात त्याची हकिगत आहे.

या नकाशांच्या दोनच वर्षं आधी सरोवराकाठी जागतिक प्रदर्शनाची पांढरीशुभ्र नगरी उभी राहिली होती. एरिक लार्सन यांच्या ‘द डेव्हिल इन द व्हाइट सिटी’ने (२००३) ती पुन्हा लोकांसमोर आणली. एकीकडे नगरीचे वास्तुकार डॅनिएल बर्नहॅम, दुसरीकडे त्याच गर्दीत सावज हेरणारा खुनी होम्स. पुस्तक खिळवून ठेवतं. पण १८९३चा तो उन्हाळा समजून घ्यायला मला एक पुस्तिका अधिक मोलाची वाटते. आयडा बी. वेल्स आणि फ्रेडरिक डग्लस यांनी सहकाऱ्यांसह ती काढली. या प्रदर्शनात कृष्णवर्णीय अमेरिकन का नाहीत, हाच तिचा विषय. ती वाटली गेली हैतीच्या दालनातून, कारण डग्लस तिथे हैतीचे प्रतिनिधी होते.

आपल्याला त्याच प्रदर्शनानिमित्त भरलेली सर्वधर्मपरिषद आणि विवेकानंदांचं भाषण पाठ असतं. ब्राह्मो समाजाच्या वतीने मुंबईहून गेलेले बी. बी. नागरकरही त्या परिषदेत बोलले होते. बंधुत्वाच्या त्या भाषणांशेजारी वेल्सबाईंची पुस्तिका ठेवून वाचली, तरच ते वर्ष पुरं कळतं.

पाण्यातली रेघ

अप्टन सिंक्लेअर १९०४ साली सात आठवडे शिकागोच्या कत्तलखान्यांच्या वस्तीत राहिले. ‘द जंगल’ (१९०६) ही कादंबरी त्यांनी लिहिली ती तिथे राबणाऱ्या कामगारांसाठी. वाचक हादरले ते मांसातल्या घाणीने. ३० जून १९०६ रोजी मांस-तपासणी आणि शुद्ध अन्नाचे कायदे झाले. कामगाराचे तास आणि जखमा मात्र तशाच राहिल्या. लेखकाने रंग सोडला होता कामगाराच्या दारात. वाचकांनी तो आपल्या ताटापुरता पाहिला.

सेंट क्लेअर ड्रेक आणि होरेस केटन यांचं ‘ब्लॅक मेट्रोपोलिस’ (१९४५) मला या सगळ्यांत मोठं वाटतं. दक्षिणेतून आलेल्या कृष्णवर्णीयांनी शहराच्या दक्षिण भागात ब्रॉन्झव्हिल वसवलं. चर्चं, वर्तमानपत्रं, दुकानं, सगळं उभं केलं. पण बाहेर घर घ्यायची सोय नव्हती, कारण त्यांना घर विकायचं नाही असे करार गोऱ्या मालकांनी आपसांत केले होते. न्यायालयांनी असे करार अमलात आणू नयेत, हे सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं ते १९४८ साली.

२७ जुलै १९१९ रोजी यूजीन विल्यम्स नावाचा कृष्णवर्णीय मुलगा मिशिगन सरोवरात तरंगत गोऱ्यांच्या बाजूला गेला. काठावरून दगड आले, तो बुडाला. त्यानंतरच्या दंगलीत ३८ माणसं मेली, त्यांपैकी २३ कृष्णवर्णीय. ज्या सरोवराचं पाणी स्वच्छ राहावं म्हणून शहराने नदी उलटी फिरवली, त्याच पाण्यात ही रेघ होती. तिथे दोरी नव्हती, पाटी नव्हती. तरी ती कुठे आहे हे काठावरच्या प्रत्येकाला ठाऊक होतं. ड्रेक आणि केटन यांनी तीच रेघ वस्तीत, कामाच्या जागी आणि घरांच्या करारांत शोधून पानोपानी दाखवली.