उत्तर कोंकणचा किनारपथ: उषवदाताच्या तरी व शिलाहारांचा राजपथ

सोपारें, ठाणें व कल्याण यांच्या प्राचीन व्यापाराविषयीं लिहितांना बहुतेक लेखक दोनच मार्ग जमेस धरितात. एक समुद्राचा व दुसरा घाटाचा. माल गलबतांनीं बंदरांत यावयाचा व तेथून बैलांच्या पाठीवर नाणेघाट चढून जुन्नरास व पुढें पैठणास जावयाचा, असें तें चित्र आहे. तें खोटें नाहीं, परंतु अपुरें आहे. भरुचेपासून सोपाऱ्यापर्यंत व तेथून ठाणें-कल्याणाच्या अंगानें दक्षिणेस उतरणारी एक खुष्कीची वाटही शकारंभाच्या सुमारापासून वाहती असली पाहिजे, असें आमचें मत आहे. त्यास आधारभूत असलेले लेख पूर्वींच प्रसिद्ध झालेले आहेत. ते या दृष्टीनें एकत्र वाचावे एवढाच आमचा हेतु.

पहिला व मुख्य आधार नाशिकच्या पांडवलेण्यांतील दहाव्या लेण्याचा. क्षहरात नहपानाचा जामात उषवदात याच्या दानधर्माची यादी तेथें कोरलेली आहे. ब्राह्मणांस गाई व गांवें दिलीं इत्यादि मजकूर पुष्कळांस ठाऊक असतो. त्याच यादींत इबा, पारादा, दमणा, तापी, करबेणा व दाहनुका या सहा नद्यांवर त्यानें नावांची ‘पुण्यतर’ सोय केली, व दोन्ही तीरांवर सभा आणि पाणपोया घातल्या, असें सांगितलें आहे. पुण्यतर म्हणजे उतारूंपासून मोल न घेतां पार नेणें. संस्कृत ‘तृ’ धातूपासून आलेला हा ‘तर’ शब्द कोंकणांतील खाड्यांवर अद्याप बोलला जातो. तरीनें पलीकडे गेलों, असें तिकडील माणूस सहज म्हणतो. दोन हजार वर्षांच्या सुमाराचा हा शब्द शिलालेखांतून उतरून नावाड्याच्या तोंडीं बसला आहे, ही गोष्ट आम्हांस तरी मोठी मौजेची वाटते.

आतां या सहा नद्या कोठें आहेत तें पाहावें. पारादा म्हणजे पार, दमणा म्हणजे दमणगंगा, दाहनुका म्हणजे डहाणूची खाडी, आणि तापी तर स्पष्टच आहे. इबा ही बहुधा अंबिका व करबेणा ही कावेरी असें विद्वानांनीं ठरविलें आहे. समासांतील क्रम भूगोलास धरून नाहीं. तापी दमणेच्या मागून येते. म्हणून हें प्रवासवर्णन मानूं नये. तथापि सहाही प्रवाह भरुच व सोपारें यांच्या दरम्यान पश्चिमवाहिनी आहेत, हें निर्विवाद. जो घाटावरून बंदरास उतरतो तो नदीच्या कांठाकांठानें येतो. त्यास एकीमागून एक सहा नद्या ओलांडण्याचें कारण पडत नाहीं. तें कारण केवळ किनाऱ्यानें उत्तर-दक्षिण जाणारासच पडतें. शिवाय ज्या चार ठिकाणीं उषवदातानें धर्मशाळा बांधल्या, त्यांत भरुकच्छ व शोर्पारग हीं आहेत. दशपुर व गोवर्धन हीं दुसरीं दोन. म्हणजे वाटेचीं दोन्ही टोंकें व मधल्या तरी, सर्व एकाच लेखांत आलें. मोफत तर, पाणपोई व निवारा यांवर राजजामातानें खर्च करावा, इतकी या मार्गावर वर्दळ होती.

मुंबई-अहमदाबाद महामार्ग, म्हणजे राष्ट्रीय महामार्ग क्र. ४८ (पूर्वीचा क्र. ८), हीच जुनी वाट होय, असें विधान कित्येकदां ऐकूं येतें. तें जसेंच्या तसें स्वीकारतां येत नाहीं. महामार्ग डहाणूच्या बराच पूर्वेकडून, चारोटीवरून जातो. पुलांच्या युगांत नदी वर चढून ओलांडणें सोयीचें असतें. तरींच्या युगांत वस्ती, बंदर व नावाडी मुखाजवळ असल्यामुळें वाटही तेथेंच ओढली जाते. १८६४ त सुरतेशीं मुंबई जोडणारा लोहमार्ग या प्राचीन रेषेस अधिक जवळ आहे, असें नकाशावरून दिसून येईल.

सोपाऱ्याच्या दक्षिणेस वसईची खाडी आडवी येते. तेथून एक शाखा तरीनें साष्टींत उतरून ठाण्यास व दुसरी खाडी उजवीकडे ठेवून भिवंडीच्या बाजूनें कल्याणास जात असावी, हें भूमीच्या रचनेवरून आमचें अनुमान आहे. कल्याण हें गांठीचें स्थान. तेथून पूर्वेस मुरबाडवरून नाणेघाट, दक्षिणेस शीळवरून पनवेल, आणि तेथून पेण व चौल. इ. स. च्या पहिल्या शतकांतील ‘पेरिप्लस’कर्ता सांगतो कीं, कल्याणास चुकून आलेलीं ग्रीक गलबतें पहाऱ्यांत भरुचेस नेलीं जात. बंदराची अशी कोंडी झाली तरी गांव मोडला नाहीं. कान्हेरीच्या लेण्यांत कल्याणच्या दात्यांचीं दानें आहेत, आणि जुन्नरजवळ लेण्याद्रीचें चैत्यगृह कल्याणच्या हेरणिकाचा पुत्र सुलसदत्त याचें आहे.

यानंतर एकदम शिलाहारकाळीं येऊं. छित्तराजाच्या शके ९४८ (इ. स. १०२६) च्या भांडुप ताम्रपटांत साष्टींतील, म्हणजे लेखाच्या भाषेंत षट्षष्टि विषयांतील, एका शेताच्या चतुःसीमा दिल्या असून पश्चिमेस ‘राजपथ’ म्हटला आहे. उरणच्या बाजूसही राजपथाचा उल्लेख शिलाहारलेखांत मिळतो. भांडुपचा राजपथ सांप्रतच्या मुंबई-ठाणें रस्त्याच्या जवळपास त्याच रेषेंत होता, असें ठाणें ग्याझेटियरच्या कर्त्यांनीं १८८२ तच नमूद केलें. एका शेताच्या सीमेवरून मार्गाची लांबी सिद्ध होत नाहीं, हें खरें. परंतु ज्या रस्त्यास दानपत्रांत कायमची सीमा म्हणून धरिलें तो पावसाळ्यागणिक बदलणारी पायवाट नव्हे. आणि भांडुप-मुलुंडकडे एका अंगास डोंगर व दुसऱ्या अंगास खाडीची खाजण, यांमधील पट्टी इतकी अरुंद आहे कीं, रस्त्यास दुसरी जागाच नाहीं. १८५३ चा लोहमार्गही त्याच पट्टींतून गेला, व जुना आग्रा रस्ता आज लालबहादुर शास्त्री मार्ग या नांवानें तेथूनच जातो.

पुढील इतिहास सर्वश्रुत आहे. १७३७ त मराठ्यांनीं ठाणें घेतलें, १७३९ त वसई; १७७४ च्या अखेरीस ठाणें इंग्रजांकडे गेलें. शीव व कुर्ला यांमधील बांध डंकन गव्हर्नराच्या कारकीर्दींत झाला आणि १८५४ त ठाण्याची खाडी ओलांडून आगगाडी कल्याणास पोंचली. तरींचें महत्त्व तेव्हांपासून ओसरलें. दक्षिणेची शाखा मात्र पनवेलपासून कन्याकुमारीस जाणाऱ्या क्र. ६६ (पूर्वीचा क्र. १७) च्या रूपानें नांदती आहे.

या मार्गाचा मधला काळ, शिलाहारांपासून पोर्तुगीजांपर्यंतचा, अजून अंधुक आहे. ‘महिकावतीची बखर’ राजवाड्यांनीं १९२४ त छापली. तींत बिंब राजांची हालचाल दमणपासून वाळकेश्वरापर्यंतच्या किनाऱ्यावर दाखविली आहे. पण तिचे भाग निरनिराळ्या काळचे असल्यामुळें तिजवर एकटीवर भिस्त ठेवतां येत नाहीं. खरी आशा गधेगाळींवर व सीमेच्या दगडांवर आहे. रस्ते रुंद होत असतां हे दगड उपटून बाजूस टाकले जातात. कोणी भक्तिभावानें देवळाच्या पारावर नेऊन शेंदूर फांसतो. दगड वांचतो, पण स्थान गेल्यावर सीमा कशाची व रस्ता कोणता हें सांगावयास तो मुका होतो. अरिकेसरीचें शके ९३९ चें ताम्रपत्र १७८७ त ठाण्याच्या किल्ल्यांत पाया खणतांना निघालें, ही नोंद त्याच वेळीं झाली म्हणून आज तिचा उपयोग होतो. ज्या संग्राहकांजवळ साष्टी, भिवंडी, कल्याण अथवा डहाणूकडील तरींचे इजारे, जकातीचे तक्ते किंवा गांवसीमेचे महजर असतील, त्यांनीं त्यांतील उताराच्या ठिकाणांचीं नांवें, कागदाची मिती व तो कोणत्या घराण्यांत मिळाला हें टिपून मंडळाकडे पाठवावें. वसईच्या खाडीवरील उतारांपासून आरंभ झाल्यास उत्तम.