वुडी स्ट्रोड : मैदानावरून पडद्यावर

चित्रपट पाहून परतणाऱ्या प्रेक्षकांच्या तोंडीं नायक-नायिकांचीं नांवें असतात. परंतु चार-दोन प्रसंगांपुरता येऊन जाणारा एखादा चेहरा मनांत घर करून राहतो आणि त्याचें नांव मात्र कोणास सांगतां येत नाहीं. हॉलिवूडच्या भरभराटीच्या काळांत अशा ठसठशीत दुय्यम भूमिका करणारे नट पुष्कळ होते. वुडी स्ट्रोड हा त्यांपैकींच एक. त्याच्या शरीरसंपदेनें त्याला पडद्यावर आणलें, आणि तिनेंच त्याला दीर्घकाळ पडद्याच्या कडेला उभें ठेवलें.

स्ट्रोडचा जन्म १९१४ सालीं लॉस एंजेलिस येथें झाला. त्याचा खेळ अमेरिकन फुटबॉल. म्हणजे चेंडू हातांत धरून पळण्याचा आणि प्रतिपक्षाला अंगबळानें अडविण्याचा. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या लॉस एंजेलिस येथील संघांत १९३९ सालीं त्याच्या जोडीला केनी वॉशिंग्टन आणि पुढें बेसबॉलमध्यें इतिहास घडविणारा जॅकी रॉबिन्सन असे कृष्णवर्णीय खेळाडू होते. विद्यापीठाबाहेर मात्र दार बंद होतें. राष्ट्रीय व्यावसायिक फुटबॉलसंघांतून १९३४ ते १९४५ या काळांत एकही कृष्णवर्णीय खेळाडू खेळला नाहीं. तसा लेखी नियम नव्हता. पण अलिखित नियम पाळले जातातच.

१९४६ सालीं ‘रॅम्स’ हा संघ क्लीव्हलंड सोडून लॉस एंजेलिसला आला. त्याला तेथील सार्वजनिक मालकीचें क्रीडागार हवें होतें. सर्वांच्या पैशानें उभारलेल्या जागेंत वर्णभेद कसा चालेल, असा प्रश्न कृष्णवर्णीय पत्रकारांनीं उभा केला. वॉशिंग्टनला घेण्यांत आलें आणि पाठोपाठ स्ट्रोडलाही. दार उघडलें खरें, परंतु उमेदीचीं वर्षें निघून गेलीं होतीं. बत्तिशींत आलेल्या स्ट्रोडला त्या संघांत एकच मोसम मिळाला. पुढें त्यानें कॅनडांत कॅल्गरीच्या संघाबरोबर १९४८ चें अजिंक्यपद मिळविलें, आणि नंतर व्यावसायिक कुस्तीवर पोट भरलें.

चित्रपटांत तो १९४१ पासून अधूनमधून दिसे. हातीं भाला आणि तोंडीं शब्द थोडे, अशाच बहुतेक भूमिका. १९६० सालच्या ‘स्पार्टाकस’मध्यें मात्र मोजक्या शब्दांचेंही सोनें झालें. त्यांतील द्राबा हा रोमन आखाड्यांतील गुलाम मल्ल. स्पार्टाकस त्याचें नांव विचारतो. द्राबा सांगत नाहीं. उद्यां ज्याला ठार मारावें लागेल त्याच्याशीं मैत्री कशाला, असा त्याचा रोकडा हिशेब. पुढें जाळें आणि त्रिशूळ घेऊन तो स्पार्टाकसला आडवा करतो. वर बसलेले रोमन पाहुणे रक्ताची वाट पाहत असतात. त्रिशूळ शत्रूच्या गळ्याशीं थबकतो, आणि मग त्या पाहुण्यांच्याच दिशेनें सुटतो. द्राबा मारला जातो. पण बंडाची ठिणगी तेथेंच पडते. हा सारा मनोव्यापार स्ट्रोड एका शब्दावांचून, नजरेनें आणि देहानें सांगतो.

त्याच वर्षीं जॉन फोर्डनें ‘सार्जंट रटलेज’मध्यें त्याला खोट्या आरोपाखालीं लष्करी न्यायालयापुढें उभ्या राहिलेल्या सैनिकाची भूमिका दिली. कथा त्याची, शीर्षकही त्याचेंच. तरी नामावलींत गोऱ्या नटांचीं नांवें आधीं आलीं. फोर्डच्याच १९६२ सालच्या ‘द मॅन हू शॉट लिबर्टी व्हॅलन्स’मध्यें तो पॉम्पी हा नोकर आहे. शाळेंत स्वातंत्र्याचा जाहीरनामा म्हणतांना सर्व माणसें समान आहेत, नेमकें तेंच वाक्य तो विसरतो. तो भाग पुष्कळजण विसरतात, असें शिक्षक त्याला सांगतो. स्ट्रोडचें सारें आयुष्य त्या विसरण्याची साक्ष होतें.

१९६८ सालीं इटलींतील दिग्दर्शक व्हालेरिओ झुर्लिनी यानें काँगोचे नेते लुमुंबा यांच्यावरून रचलेली प्रमुख भूमिका त्याला दिली. ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’ही त्याच वर्षींचा; त्यांत टोपीवर ठिबकणाऱ्या पाण्याखालीं निश्चल उभा असलेला स्ट्रोड आरंभींच मरतो, पण विसरतां येत नाहीं.

१९९४ च्या अखेरच्या दिवशीं त्याचें निधन झालें. पुढच्याच वर्षीं आलेल्या ‘टॉय स्टोरी’ या चलच्चित्रांतील गुराख्याच्या बाहुल्याला त्याच्यावरून ‘वुडी’ हें नांव देण्यांत आलें. प्रेक्षकांच्या ओठीं क्वचितच आलेलें तें नांव तेव्हांपासून जगभरच्या मुलांच्या तोंडीं आहे. तें मूळचें कोणाचें, हें मात्र त्यांना ठाऊक नसतें.